रांगेतला नंबर



आज कपाशीच्या वेचणीवर लिहायचं ठरवलं होतं. पण काल बांधावर गावातला एक तरुण पोरगा भेटला. म्हणाला, "दादा, मका गावातल्याच व्यापाऱ्याला देऊ का? बाजारापेक्षा क्विंटलमागं शंभर जास्त देतोय, पैसे महिन्यानं." त्याला उभ्या उभ्या जे सांगितलं तेच इथं जरा बैजवार लिहितो. लांबण लागेल, पण वाचा. या प्रकरणात माझे पंचावन्न हजार गेले, म्हणून सांगतो.

२०१७ चा खरीप. मका बरा झाला होता, ६४ क्विंटल. त्या वर्षी हमीभाव १४२५ होता, पण बाजारात अकराशेच्या वर कोणी बोलत नव्हतं. गावाजवळचा एक व्यापारी १२५० म्हणाला, पैसे संक्रांतीला. माणूस ओळखीचा, दोन वर्षं व्यवहार चोख झालेला. काटा झाला, त्यानं वहीच्या पानावर आकडा लिहून दिला. ८०,००० रुपये. तारीख नाही, सही म्हणजे नुसती एक रेघ. मी ते पान देवघरात फोटोमागं ठेवलं.

संक्रांत गेली, शिवरात्र गेली. मार्चात कळलं की त्याच्या गोदामाला बँकेनं कुलूप लावलं. आम्ही चौदा जण गेलो. जाळीच्या खिडकीतून आत बघितलं तर थप्पी दिसत होती, आणि खालच्या तीन थरांतली पोती माझी. कशावरून? आमच्या घरी पोती निळ्या दोऱ्यानं शिवतात. मंडळीनं शिवलेली शिवण मी लांबून ओळखतो. तिथं उभ्या असलेल्या बँकेच्या साहेबाला म्हणलं, "साहेब, ती पोती माझी आहेत. पैसे मिळाले नाहीत, माझा माल मला द्या."

साहेब चांगला माणूस होता, आवाज चढवला नाही. म्हणाला, "काका, पोती तुमची असतील. पण मका तुम्ही विकला ना?"

याला उत्तर नव्हतं. विकलाच होता.

घरी आल्यावर पुतण्याला फोन केला. तो शहरात वकिली करतो. त्यानं जे सांगितलं ते ऐकून आधी राग आला, मग डोकं चाललं. म्हणाला, "काका, तुम्ही व्यापाऱ्याला ऐंशी हजार कर्ज दिलं होतं, एवढंच समजा. बँकेनंही दिलं होतं. फरक इतकाच की बँकेनं दोर खुंट्याला बांधून दिलं, आणि तुम्ही मोकळं सोडलं."

१९३० चा वस्तू विक्रीचा कायदा आहे. पैसे मिळेपर्यंत माल अडवून धरायचा हक्क विकणाऱ्याला आहे, पण माल त्याच्या ताब्यात असेल तोपर्यंतच. एकदा पोतं घेणाऱ्याच्या गोदामात पडलं की तो हक्क संपला. त्यानंतर आपण फक्त पैसे येणं असलेला माणूस. आणि पैसे येणं असलेली माणसं एकापेक्षा जास्त असली की रांग लागते.

या रांगेत नंबर कशावरून लागतो? मला वाटायचं, ज्यानं घाम गाळला त्याचा पहिला. तसं नाही. ज्याचा दोर एखाद्या वस्तूला बांधलेला आहे तो पुढं, ज्याचा मोकळा आहे तो मागं. बांधलेल्यांमध्ये ज्याचा आधी तो पुढं. आणि दोर बांधलाय हे जगाला दिसेल अशी नोंद ज्यानं केली त्याची बाजू भक्कम.

आता दोर किती प्रकारचे ते बघा. शब्द आपण सगळे एकच समजतो, पण ते वेगळे आहेत.

जमीन किंवा घर बांधलं तर गहाण. माल सावकाराच्या किंवा बँकेच्या ताब्यात दिला, जसं सोनं, तर तारण. माल आपल्याच ताब्यात राहिला पण कागदावर बँकेचा हक्क आला, तर नजरगहाण. म्हणजे वस्तू आपल्या दारात आणि नजर बँकेची. आपला ट्रॅक्टर असाच असतो. आरसी बुकावर फायनान्सवाल्याचं नाव चढलेलं असतं, म्हणून ते नाव उतरल्याशिवाय ट्रॅक्टर दुसऱ्याच्या नावावर होत नाही. त्या व्यापाऱ्याचा गोदामातला सगळा माल असाच नजरगहाण होता. आज असलेला आणि उद्या येणारा, दोन्ही. म्हणजे माझा मका त्याच्या गोदामाच्या उंबऱ्याच्या आत पडला त्या क्षणी बँकेच्या दोरात अडकला. मी मोटारीतून पोती उतरवत होतो तेव्हाच माझा नंबर मागं जात होता, आणि मला वाटत होतं भाव चांगला मिळाला.

चौथा दोर म्हणजे बोजा. तो आपल्या सातबाऱ्यावर इतर हक्काच्या रकान्यात बसतो. त्याची गोष्ट पुढं सांगतो.

आधी उसाचं सांगतो, कारण हीच रांग कारखान्यातही लागते. माझी सासुरवाडी गंगापूर तालुक्यात, नाथसागराच्या फुगवट्यावर. मेव्हणा ऊस लावतो. दर हंगामात त्याचं एकच म्हणणं: "दाजी, ऊस आमचा, साखर आमची, मग पैसे आम्हाला शेवटी का?" १९६६ चा ऊस नियंत्रण आदेश म्हणतो की ऊस दिल्यापासून १४ दिवसांत पैसे, उशीर झाला तर वर्षाला १५ टक्के व्याज. पैसे थकले तर पुण्याचे साखर आयुक्त आरआरसी काढतात आणि जिल्हाधिकारी महसुली थकबाकीसारखी वसुली करतो. कायदा आपल्या बाजूचा आहे. पण कारखान्याच्या गोदामातली साखर बहुतेक वेळा बँकेकडं तारण असते. पोत्यांवर कर्ज उचलूनच कारखाना चालतो, आणि गोदामाची किल्ली बँकेच्या माणसाकडं असते.

हे भांडण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलेलं आहे. बँक ऑफ बिहार विरुद्ध बिहार सरकार, १९७१ चा निकाल. साखर बँकेकडं तारण होती. सरकारनं ती उचलून विकली, आणि विक्रीच्या पैशावर ऊस आयुक्तानं उसाच्या थकबाकीसाठी जप्ती आणली. कोर्ट म्हणालं, तारण घेणाऱ्या बँकेचे पैसे आधी फिटले पाहिजेत. ऊस आयुक्त बिनतारण धनको आहे, बँकेचे फिटून उरलं तर त्यावर त्याचा हक्क. पुढं २००७ मध्ये कर्नाटकातल्या सिरुगुप्पा इथल्या साखर कारखान्याच्या प्रकरणात हाच मुद्दा परत आला. तिथं तर कामगारांची देणीही होती. तरी निकाल तोच, तारणवाली बँक पुढं.

मेव्हण्याला हे सांगितलं तर तो तासभर बोलला नाही. मलाही बरं वाटलं नाही. पण माहीत असलेलं बरं. ऊस कोणाला घालायचा हे ठरवताना नुसता जाहीर केलेला दर बघून भागत नाही, मागच्या हंगामाचे पैसे किती दिवसांत दिले ते बघावं लागतं. आरआरसी निघाली म्हणजे पैसे आले असं नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १६९ मध्ये लिहिलंय की जमिनीचा सारा सगळ्यांच्या पुढं. पण महसुलाच्या रीतीनं वसूल होणारे बाकीचे सरकारी पैसे फक्त बिनतारण देण्यांच्या पुढं. तारणवाल्याला ओलांडून जात नाहीत.

आता कोणी म्हणेल, सरकार तर सगळ्यात मोठं, ते कसं मागं राहील? त्यावरही आपल्याच भागातला निकाल आहे. जळगाव जनता सहकारी बँक आणि राज्याचं विक्रीकर खातं. एकाच मालमत्तेवर बँकेचं गहाण आणि खात्याचा कर. असे पुष्कळ दावे होते, म्हणून मुंबई हायकोर्टाच्या तीन न्यायमूर्तींच्या पूर्ण पीठानं ऑगस्ट २०२२ मध्ये निकाल दिला. मालमत्तांवरच्या गहाणांची नोंद ठेवायला २०११ पासून सरसाई नावाची केंद्रीय नोंदवही आहे. २४ जानेवारी २०२० पासून कायदा असा झाला की तिथं नोंद केलेल्या बँकेचं देणं सरकारी कराच्याही आधी. पण त्या तारखेच्या आधीच खात्यानं रीतसर जप्ती करून जाहीरनामा काढला असेल, तर खात्याचं आधी. म्हणजे बघा, सरकार असो की बँक, कोर्टानं विचारलं काय? नोंद आहे का, आणि तारीख कोणती. माझ्या वहीच्या पानावर दोन्ही नव्हतं.

आता बोजाची गोष्ट. इथं मी उलट्या बाजूला होतो.

सोसायटीचं कर्ज घेताना आपण एका छापील कागदावर सही करतो, त्याला इकरार म्हणतात. ९० टक्के लोक तो वाचत नाहीत, मीही वाचला नव्हता. सहकार कायदा १९६० चं कलम ४८ असं की त्या इकराराने जमिनीवर संस्थेचा बोजा बसतो, त्याची नोंद गावच्या दप्तरी होते, आणि कर्ज फिटेपर्यंत ती जमीन परस्पर विकली तर तो व्यवहारच रद्दबातल. कलम ४७ नं तर संस्थेनं दिलेल्या कर्जासाठी सभासदाच्या पिकावरही तिचा पहिला हक्क आहे, पुढं फक्त सरकारचा सारा. म्हणजे संस्थेनं आपला दोर दोन गाठी मारून बांधलेला असतो. यात वाईट काही नाही. तो दोर आहे म्हणून तर बिनओळखीच्या शेतकऱ्यालाही कमी व्याजात पीककर्ज मिळतं.

पण गाठ मारणारा गाठ आपणहून सोडत नाही. मी ते कर्ज २०१२ मध्ये फेडलं. पावती घेतली, चहा पिलो, घरी आलो. २०१९ मध्ये ठिबकसाठी एका बँकेत गेलो, मका आणि अद्रक दोन्ही ठिबकवर न्यायचे होते. बँकेनं सातबारा बघितला आणि म्हणाली, "तुमच्या गटावर आधीच बोजा आहे, आम्ही दुसऱ्या नंबरवर कर्ज देत नाही." सात वर्षं झाली होती फेडून. पैसे फिटले होते, नोंद फिटली नव्हती.

मग सुरू झालं. संस्थेचा बेबाकी दाखला काढायला दहा दिवस. तो घेऊन तलाठ्याकडं अर्ज. फेरफार धरला, संबंधितांना नोटीस, हरकतीची १५ दिवसांची मुदत, मग मंडळ अधिकाऱ्याची सही. तोवर पाऊस पडून पेरण्या झाल्या. ठिबकचं त्या वर्षी राहिलं. अद्रकाचं बेणं घ्यायला शेकडा तीननं हातउसने घ्यावे लागले. यात संस्थेची चूक किती आणि माझी किती याचा मी हिशोब केला, तर माझीच जास्त निघते. फेडल्या दिवशीच दाखला मागायला पाहिजे होता.

या दोन गोष्टी शेजारी शेजारी ठेवून बघा. जिथं माझे पैसे येणं होतं तिथं माझी नोंद नव्हती, म्हणून बुडलो. जिथं माझं देणं राहिलं नव्हतं तिथं नोंद राहिली, म्हणून अडलो. दोन्ही वेळा व्यवहार खरा होता.

जमीन घेणाऱ्यांसाठी थोडं वेगळं सांगतो, कारण आजकाल शेंद्रा, बिडकीन, समृद्धीच्या आजूबाजूला लई व्यवहार होतायत. कोरा सातबारा बघून इसार देऊ नका. सातबाऱ्यावरची नोंद खरी धरली जाते, पण उलटं सिद्ध होईपर्यंतच. दुय्यम निबंधकाकडं सूची क्रमांक २ चा शोध घ्या. आणि हे लक्षात ठेवा की दस्त सही झाल्यापासून चार महिन्यांपर्यंत नोंदवता येतो, आणि नोंदला की त्याचा अंमल सहीच्या तारखेपासून धरतात, नोंदल्याच्या तारखेपासून नाही. म्हणजे आज तुम्हाला शोधात काही दिसलं नाही, तरी मागच्या महिन्यात सही झालेला दुसऱ्याचा कागद पुढच्या महिन्यात वर येऊ शकतो. कायद्याचं तत्त्व जुनं आहे, १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातलं: एकाच जमिनीवर दोघांना हक्क दिला, तर आधीचा तो आधी.

आणखी एक. मालकाला मूळ खरेदीखत दाखवायला सांगा. तो नुसती झेरॉक्स दाखवत असेल तर विचारा, मूळ कुठं आहे? मूळ कागद बँकेत ठेवून कर्ज काढलेलं असू शकतं. कागद जमा करून केलेलं गहाणही गहाणच असतं, आणि नंतर नोंदवलेल्या गहाणखताच्याही पुढं जातं. आपल्या राज्यात २०१३ पासून अशा गहाणाची सूचना ३० दिवसांत निबंधकाकडं द्यावी लागते, म्हणून तीही शोधायला सांगा.

आणि एक गोष्ट आपल्या बाजूची. बँकांना कोर्टात न जाता मालमत्ता ताब्यात घ्यायचा जो २००२ चा सरफेसी कायदा आहे, तो शेतजमिनीला लागू नाही. कोणी वसुलीवाला दारात येऊन "उद्या शेताला कुलूप लावतो" म्हणाला तर घाबरून कोऱ्या कागदावर सही करू नका. कागद मागा, तारीख बघा, वकिलाला दाखवा. संस्थेची वसुली मात्र वेगळ्या वाटेनं, कलम १०१ च्या दाखल्यानं होते, तिला हलक्यात घेऊ नका.

मग त्या मक्याचं काय झालं? बँकेनं माल विकला. तिचंच फिटलं नाही, आम्हाला काय उरणार. व्यापाऱ्याच्या भावानं गावाच्या भीडेनं मला दोन हप्त्यांत २५,००० दिले. पंचावन्न राहिले. चौदा जणांपैकी दोघांकडं बाजार समितीची पक्की पट्टी होती, त्यांनी समितीकडं तक्रार तरी केली. माझ्या वहीच्या पानावर तक्रारही होईना. तो व्यापारी आता दिसला की रस्ता बदलतो. पहिल्यांदा मला त्याचा राग यायचा. आता वाटतं, त्यालाही नीट कळलं नसेल की आमचा माल घेताना तो कोणाचं कर्ज फेडत होता.

तेव्हापासून मी चार गोष्टी पाळतो. माल बाजार समितीत लिलावात घालतो आणि पट्टीचे पैसे त्याच दिवशी घेतो. भाव कमी वाटला तरी. भाव खरंच पडलेला असेल तर तूर समितीच्या गोदामात तारण ठेवतो. पणन मंडळाच्या शेतमाल तारण योजनेत तुरीला किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत कर्ज मिळतं, ६ टक्के व्याजानं १८० दिवस. माल माझ्याच नावावर राहतो. कर्ज फेडलं त्याच दिवशी बेबाकी दाखला मागतो आणि बोजा कमी करायचा अर्ज करतो. आता ई-हक्क प्रणालीवर घरबसल्याही करता येतो. आणि दर वर्षी अक्षय तृतीयेला, पेरणीची तयारी सुरू व्हायच्या आधी, प्रत्येक गटाचा डिजिटल सातबारा काढून इतर हक्काचा रकाना बोट ठेवून वाचतो. मंडळी हसते, म्हणते पोथी वाचल्यासारखं वाचता. वाचू द्या म्हणलं.

कालच्या पोराला हे सगळं सांगितलं. तो ऐकून म्हणाला, "पण दादा, व्यापारी घरून माल उचलतो. बाजारात न्यायचं भाडं, हमाली, तोलाई, सगळं धरलं तर शंभराच्या जागी दीडशेचा फरक पडतो." त्याचं म्हणणं खोटं नाही. मीसुद्धा त्याच हिशोबात गेलो होतो. मी एवढंच म्हणलं, की तो दीडशे तुला भाव म्हणून देत नाही, तुझ्या पैशाचं व्याज म्हणून देतोय. तेवढ्या व्याजावर बिनतारण कर्ज द्यायची तुझी तयारी असेल तर दे. आणि देणारच असशील तर निम्माच दे, आणि पक्क्या पावतीवर तारीख, वजन, भाव, सही सगळं घे.

आज सकाळी त्याचा फोन आला. वीस क्विंटल बाजारात नेतोय, बाकीचा घरी ठेवलाय म्हणाला. पोती कशानं शिवलीस म्हणून मी सहज विचारलं. म्हणाला, "शिवली कशानंही असू दे दादा, पट्टी घेऊनच येतो."

काही चुकलं असेल तर वकील मंडळींनी आणि बँकेतल्या जाणकारांनी दुरुस्त करावं. वेचणीचं पुढच्या वेळी लिहितो.